मूक पात्राचं वाक्य

टाळ्या तुम्ही वाजवल्यात, अध्यक्षसाहेब. आधी तुम्ही, मग हॉलनं. वीस-बावीस वर्षं झाली, लोक विसरले असतील. लोकांना विसरायची सवय तुमच्याच शाळांतून लागते. तुमचं नाव मी लिहीत नाही. ते शाळेच्या कमानीवर आहे, बसथांब्यावर आहे, स्मशानातल्या बाकड्यांच्या पाठीवरसुद्धा आहे. आणखी एका ठिकाणी कशाला.

सुरुवात हारापासून करते, कारण तुमची प्रत्येक गोष्ट हारापासून सुरू होते.

संस्थेचा सुवर्णमहोत्सव होता. अतिथिगृहाच्या फाटकावर दुमजली फ्लेक्स. एका बाजूला तुम्ही हात जोडून, दुसऱ्या बाजूला समुद्रकिनाऱ्यावर अनवाणी धावणारी एक गोरी पोरगी, ओले केस, ओला झगा. खाली लिहिलं होतं, फ्रान्सच्या सुप्रसिद्ध अभिनेत्री सोलांज फेरां यांचे जयसिंगपूर नगरीत सहर्ष स्वागत. औक्षणाला बायका कमी पडल्या म्हणून तुमचे पी. ए. मगदूम मला गिरणीतून उचलून घेऊन गेले होते. मी तेव्हाही पिठाची गिरणीच चालवायची. केसांत पीठ, हातात तबक, अशी उभी होते.

गाडी आली. आतून एक उंच, हडकुळी म्हातारी उतरली. पांढरे केस पोरासारखे कापलेले, अंगात पुरुषी सदरा, पायात मळके कॅनव्हासचे बूट. आणि तुम्ही हार घेऊन तिच्या खांद्यावरून गाडीत बघत राहिलात. आत कुणी आहे का, ती किनाऱ्यावरची. मला अजून दिसतं ते. हार लोंबतोय, तुम्ही वाकताय, आणि जिला आणायला एवढा खटाटोप केला ती तुमच्या शेजारी उभी आहे.

तिच्याबरोबर पुण्याहून आलेली दुभाषी होती, शाल्मली पेंडसे. ती पुटपुटली, "सर, याच मॅडम."

सोलांजबाईंना सगळं कळलं होतं. त्यांनी फ्लेक्सकडे बोट केलं आणि काहीतरी विचारलं. शाल्मलीला सांगावं की नको असं झालं, पण तिनं सांगितलं, "मॅडम विचारतायत, ही मुलगी कोण? त्यांना तिला भेटायला आवडेल."

बायका हसल्या. मगदूम हसले. तुम्ही सगळ्यांत शेवटी हसलात.

त्या बाईनं चाळीसेक वर्षं रंगभूमीवर आणि पडद्यावर काय काय केलं होतं, हे तुम्हाला ना तेव्हा माहीत होतं ना आज आहे. तुमच्या चिरंजीवांना कुठल्याशा कारखान्याच्या यंत्रांच्या निमित्तानं फ्रान्समध्ये ओळखी झाल्या, त्यातून ही बाई पुण्यात नाट्यशिबिराला येणार असं कळलं, आणि सुवर्णमहोत्सवाला परदेशी पाहुणी मिळाली. एवढाच तुमचा कलेशी संबंध. पण बाईंनी एक अट घातली होती. नुसता सत्कार घेणार नाही. गावातल्या लोकांबरोबर गावातल्या नाटकात काम करीन, काम कितीही लहान असो. तेवढं असेल तर येते.

आता फ्रेंच बाईला मराठी नाटकात कुठं घालायचं? तुमच्या समितीनं डोकं खाजवलं. तेव्हा मगदूमांना माझी एकांकिका आठवली. नाव ‘बाकडं’. कामगारांच्या स्पर्धेत एकदा झाली होती, उत्तेजनार्थ बक्षीस मिळालं होतं. परीक्षक म्हणाले होते, मुख्य पात्र काहीच करत नाही. साहेबाच्या केबिनबाहेर बाकड्यावर एक बाई बसलेली असते. कारकून येतो, इंजिनिअर येतो, पी. ए. येतो, शेवटी अध्यक्ष येतो. प्रत्येक जण तिला समजावतो. ती बोलत नाही. संपलं नाटक.

समितीच्या बैठकीत तुम्ही एकच प्रश्न विचारलात, असं मगदूमांनीच मला सांगितलं. "मूक पात्र आहे ना? मग झालं." न वाचता मंजूर. तुम्ही स्वतःच्या हातानं ते नाटक निवडलंत, साहेब. मी तुमच्या दारात आले नव्हते. दारात बसायचं काम आमच्या घरात दुसऱ्या कुणीतरी आधीच केलं होतं.

ती म्हणजे माझी आई. तानूबाई दौलू भंडारे.

माझे वडील तुमच्या वसतिगृहावर पहारेकरी होते. वसतिगृहाची पाण्याची टाकी नवी होती, गावात तिचं उद्घाटन गाजलं होतं. त्या टाकीखाली ते मेले. त्यानंतर आई दर बाजाराच्या दिवशी बाजार करून संस्थेच्या ऑफिसात जायची. भाजीची पिशवी पायाशी ठेवून बाकड्यावर बसायची. तिला तुम्हाला एक गोष्ट विचारायची होती. एकच. पण ती तोंड उघडायच्या आत समोरचा बोलायला लागायचा. कागद वर गेलेत. चौकशी चालू आहे. मुलीला शिवणक्लासला घाला, फी माफ करू. तुम्ही स्वतः बाहेर यायचात आणि घड्याळाचा पट्टा सैल करत म्हणायचात, "वहिनी, संस्था तुमच्या पाठीशी आहे." मग गाडीत. तिला चहा द्यायचे. ती प्यायची नाही. चहावर साय धरायची, शिपाई कप उचलून न्यायचा, आई पिशवी उचलून घरी यायची.

वर्षानुवर्षं चाललं हे. मग तिचे गुडघे गेले, तरी ती जायची थांबली नाही, आणि मी नाटक लिहिलं.

तालमी शाळेच्या हॉलमध्ये होत्या. पहिल्या दिवशी सगळे नट इस्त्रीचे कपडे घालून आले, फ्रान्सची बाई काय शिकवते बघायला. इलाही शिकलगार अध्यक्षाचं काम करायचा. चाकू-कात्र्यांना धार लावायचा धंदा, पण रंगमंचावर उभा राहिला की कोट न घालता कोट घातल्यासारखा दिसायचा. सोलांजबाई आल्या, बाकड्यावर बसल्या, उठल्या, आणि मला शाल्मलीमार्फत विचारलं, "या बाईच्या पायात काय आहे?"

मी म्हटलं, चप्पल. कसली? साधी. साधी म्हणजे कुठं झिजलेली?

मला राग आला. मला वाटलं, ही पण एक नाटकी. मी तसं बोललेही. शाल्मलीनं ते गाळून सांगायचा प्रयत्न केला, पण बाईंनी माझ्या तोंडाकडे बघून ओळखलं. त्या जमिनीवर मांडी घालायला गेल्या, जमली नाही, पाय पसरून बसल्या आणि स्वतःबद्दल बोलायला लागल्या. शाल्मली मागोमाग सांगत होती.

त्या म्हणाल्या, मला चेहऱ्यानं काम करता येत नाही. मी पायापासून सुरुवात करते. एकदा राणी केली होती, जुन्या काळातली, काव्यातली. तेव्हा तालमी चालू असेतोवर मी राणीचे जोडे घालून घरी कांदे चिरायची. टेलिव्हिजनवर वर्षानुवर्षं खेड्यातली पोलीस अधिकारी होते, तेव्हा ते बूट घालून पाव आणायला जायची, पाववाला मला सलाम करायला लागला. प्रहसनं केली, त्यात दारं आपटायची असतात, तिथं उंच टाचा. नवऱ्याला विष देणारी बाई केली, तिला लोकरीच्या सपाता. अगदी पोरांच्या कार्टूनमधल्या बदकाचा आवाज दिला, तेव्हा स्टुडिओत अनवाणी उभी राहिले, पंजे फाकवून.

इलाहीनं विचारलं, "आणि तो समुद्रावरचा पिक्चर?"

बाई म्हणाल्या, "तिथं पायात काही नव्हतं आणि आत पण काही नव्हतं. एकोणीस वर्षांची होते. मला पळ म्हणाले, मी पळाले. माझ्या आयुष्यातलं ते एकच काम असं आहे की ज्यात मी काही केलं नाही. आणि जिथं जाते तिथं मला तेच विचारतात."

त्यावर इलाही म्हणाला, "इथं पण तेच होणार, मॅडम. आमच्या साहेबांनी तुम्हाला फ्लेक्सवर आधीच पळवलंय."

शाल्मलीनं भाषांतर केलं आणि बाई इतक्या हसल्या की त्यांना ठसका लागला.

मग त्यांनी ती चप्पल मागितली. खरी. मी त्यांना घरी घेऊन गेले.

आई दारात लसूण सोलत बसली होती. मी सांगितलं, ही तुझं काम करणार आहे, तिला तुझी चप्पल पाहिजे. आईनं बाईंना वरपासून खालपर्यंत बघितलं.

"माझी चप्पल? बाजारात नवी मिळती की. गरीब हाय का ती?"

"गरीब नाही गं. तिला तुझ्यासारखं बसायचं आहे."

"बसायला काय शिकायचं असतंय?"

पण दिली. डाव्या पायाची बाहेरून झिजलेली, अंगठ्याला तारेनं शिवलेली. सोलांजबाईंनी ती घातली, दोन पावलं चालल्या आणि त्यांचा डावा गुडघा आपोआप आत वळला, आईचा वळतो तसा. आईनं लसूण खाली ठेवला. बाईंनी स्वतःचे कॅनव्हासचे बूट आईपुढं सरकवले. आई नको नको म्हणाली आणि घातले. पायाला बसले म्हणून चिडली.

त्या दिवसापासून बाई तालीम झाली की आमच्या दारात येऊन बसायच्या. बोलणं काही नाही. आई वाटाणे सोलायची, त्या सोलायच्या. चौथ्या-पाचव्या खेपेला आई मला आत बोलावून म्हणाली, "वच्छे, ती माझ्यावानीच नाक वढती. मी एवढं नाक वढती व्हय?"

"ओढतेस."

"मग सांगायचं न्हाईस व्हय आधी?"

शेवटी एकदा बाईंनी मला तो प्रश्न विचारला, जो एकाही परीक्षकाला सुचला नव्हता. ही बाई गप्प बसते ते ठीक आहे, मी तासभर गप्प बसू शकते. पण गप्प बसायलासुद्धा काहीतरी तोंडात लागतं. हिच्या तोंडात कुठलं वाक्य आहे?

मी म्हटलं, ते लिहिलं तर नाटक मंजूर होणार नाही.

बाई म्हणाल्या, मी तुला विचारलंच नाही. आणि आईकडे बघितलं.

शाल्मलीनं आईला विचारलं. आईनं हातातलं काम थांबवलं नाही. खाली बघतच एक वाक्य म्हणाली. कितीतरी वर्षं बाकड्यावर घेऊन बसलेलं वाक्य, ते मी पहिल्यांदा तिच्या आवाजात ऐकलं. मला ते माहीत होतं, तरी पहिल्यांदा. शाल्मलीचा चेहरा उतरला. तिनं फ्रेंचमध्ये सांगितलं. सोलांजबाईंनी हातातली शेंग खाली ठेवली. मग म्हणाल्या, मला हे मराठीत शिकवा. यांच्या मराठीत, पुण्याच्या नाही.

आईनंच शिकवलं. पोपटाला शिकवतात तसं नाही. चुकलं की आई म्हणायची, "पुन्यांदा." बाई म्हणायच्या, पुन्यांदा, आणि दोघी परत.

त्याच दिवसांत एकदा तुमची स्वारी तालमीला आली. चकचकीत बूट, मागं मगदूम, त्यांच्या मागं फोटोग्राफर. तुम्ही पाच मिनिटं बघितलंत आणि मला बाजूला घेतलंत.

"ताई, हे सगळं छान आहे. पण लोक मॅडमना ऐकायला येणार. त्या अशाच बसून राहिल्या तर कसं? एखादं वाक्य घाला की मराठीतलं. नमस्कार, माझं महाराष्ट्रावर प्रेम आहे, असं काहीतरी. गोड वाटतं."

मी तुमच्या डोळ्यांत बघून सांगितलं, "शिकतायत त्या एक वाक्य. शेवटी म्हणणार आहेत."

"वा," म्हणालात तुम्ही. दुसऱ्या दिवशी पेपरात छापून आणलंत, फ्रेंच अभिनेत्री साधणार मराठीतून संवाद. मी खोटं एक अक्षर बोलले नव्हते. तुम्ही विचारलं नाहीत कुठलं वाक्य. तुमच्या आयुष्यात समोरच्या बाईला काय म्हणायचं आहे हे तुम्ही कधी विचारलंत?

त्या संध्याकाळी मी इलाहीला म्हटलं, तू घड्याळाचा पट्टा सैल करतोस ते काढ. उगाच ओळखतील, नाटक मध्येच थांबवतील, आणि आईचं वाक्य तसंच राहील. इलाहीची वहिनी तुमच्याच शाळेत शिक्षिका होती, त्याला तर जास्त भीती हवी. तो म्हणाला, "वच्छाक्का, पाहिजे तर माझी सगळी वाक्यं काप. पट्टा मी सोडणार न्हाई. त्या पट्ट्यावरच माझा रोल उभा हाय."

नट असेच असतात. मी पट्टा राहू दिला.

प्रयोगाच्या संध्याकाळी नगरपालिकेचा हॉल खचाखच. पहिल्या रांगेत सोफे, सोफ्यांवर तुम्ही. आई मधल्या रांगेत कडेला बसली होती, इरकल साडी, पायात फ्रान्सचे कॅनव्हासचे बूट. नाटक बघायला ती जन्मात पहिल्यांदा आली होती. तिची समजूत अशी की आज उत्तर मिळणार. मी तिला परत परत सांगितलं होतं, आई, हे नाटक आहे. ती म्हणाली, "नाटक असू दे. समोर तो बसणार हाय का न्हाई? मग झालं तर."

तिसरी घंटा झाली, पडदा वर गेला. सोलांजबाई आईच्या जुन्या लुगड्यात बाकड्यावर बसलेल्या. पिशवी पायाशी. लोकांनी आधी खुसखुस केली, गोरी नऊवारीत कशी दिसते म्हणून. मागून कुणीतरी शीळ मारली. बाई हलल्या नाहीत. कारकून आला, बोलून गेला. चहा आला. इंजिनिअर येऊन सिमेंटबद्दल बोलून गेला. हळूहळू हॉल गप्प झाला. मी विंगेत होते. मला बाईंचा चेहरा दिसत नव्हता, नुसती पाठ दिसत होती आणि डाव्या पायाची चप्पल. त्या पाठीकडे बघून मला वाटलं, धावत जावं आणि म्हणावं, आई, चल घरी.

मग इलाही आला. "वहिनी," म्हणाला, आणि घड्याळाचा पट्टा सैल केला.

मागच्या रांगांतून हसू फुटलं. आधी दबकं, मग मोकळं. पुढचे सोफे मात्र दगडासारखे. तुम्ही उठलात. मी बघितलं तुम्हाला उठताना. मला वाटलं, जातायत. तुम्ही बाजूच्या दारानं पलीकडच्या विंगेत शिरलात.

इलाही बोलून निघून गेला. आता रंगमंचावर बाई एकट्या. त्यांनी पिशवी बाजूला सारली, गुडघ्यावर हात टेकून उठल्या, पुढं आल्या. इथं त्या थांबायच्या. तालमीतसुद्धा इथं फार वेळ थांबायच्या. आई पुढं वाकली होती. बाईंनी तोंड उघडलं.

आणि पडदा पडला.

पडदा ओढणारा सदा नंतर माझ्यापुढं रडला. मगदूमांनी त्याचा हात धरून दोरी सोडवली होती. मगदूम म्हणाले, साहेबच म्हणाले की मॅडम वाक्य विसरल्या, अब्रू जाईल, पाडा. चाळीस वर्षं राण्या आणि खुनी बायका करणारी नटी एका वाक्याला अडखळली, असं तुम्हाला वाटलं. की वाटलं नाही? थांबा, तिथं येते मी.

पडदा परत वर गेला तेव्हा रंगमंचावर टेबल, त्यावर संस्थेचं कापड, शाल, श्रीफळ, पुष्पगुच्छ. तुमची माणसं या कामात मोठी तरबेज. बाई त्या बाकड्यावर परत जाऊन बसल्या होत्या. लुगडं तेच, चप्पल तीच. तुम्ही माईक घेतलात. फ्रान्स आणि महाराष्ट्र यांचं नातं सांगितलंत. समुद्रकिनाऱ्यावरचा तो अजरामर प्रसंग सांगितलात. मग माझ्याकडे वळलात, "आमच्या शिपायाची मुलगी, सातवी शिकलेली, आणि नाटक लिहिते बघा." शिपाई नव्हे, पहारेकरी. माणूस तुमच्या टाकीखाली मेला, त्याचा हुद्दा तरी बरोबर सांगायचा.

बाईंच्या खांद्यावर शाल घातलीत. नारळ पुढं केलात. बाईंनी हात पुढं केले नाहीत. आई चहाचा कप घ्यायची नाही, तसेच हात मांडीवर ठेवले. फोटोग्राफर ताटकळला. नारळ तुमच्या हातात राहिला, मग मगदूमांच्या हातात गेला. शाल्मली रंगमंचाच्या कडेला ओठ चावत उभी होती. तुम्ही वेळ मारून न्यायला माईक बाईंपुढं धरलात.

"मॅडम आता दोन शब्द मराठीत बोलतील."

बाई उठल्या. माईक हातात घेतला. हॉलकडे वळल्या नाहीत, तुमच्याकडे वळल्या. आणि जे थांबणं तुम्ही पडद्यानं मध्येच कापलं होतं ते त्यांनी पहिल्यापासून सुरू केलं. पूर्ण केलं. तुम्ही हसत होतात, मग नुसते दात राहिले. मग बाई आईच्या आवाजात, आईच्या हेलात, नाक ओढून म्हणाल्या,

"माझा मालक दारू पिऊन पडला म्हनता. कुनी बघितलं?"

कारण तुमच्या संस्थेनं तेच सांगितलं होतं. पोलिसांना, पेपरला, सगळ्यांना. पहारेकरी नशेत टाकीवर चढला आणि पडला. टाकी म्हणे नंतर खबरदारी म्हणून पाडण्यात आली. टाकी बांधणारा तुमचा मेहुणा, हे कुणी सांगितलं नाही. माझ्या बापानं जन्मात सोड्याची सोडून दुसरी बाटली हातात धरली नव्हती. तो टाकीवर चढला नाही, टाकी त्याच्यावर आली. आईला पैसे नको होते. शिवणक्लास नको होता. तिला एवढंच पाहिजे होतं की ज्यानं बघितलं त्याचं नाव सांगा. नसेल बघितलं कुणी तर तसं सांगा.

आणि आता ते वाक्य भरल्या हॉलमध्ये माईकवरून तुमच्या तोंडावर विचारलं गेलं होतं.

मग तुम्ही टाळ्या वाजवल्यात.

"वा," म्हणालात, "किती गोड मराठी! मॅडमसाठी एकदा जोरदार टाळ्या होऊन जाऊ देत."

आणि झाल्या. हॉल कडाडला. गोरी बाई मराठी बोलली हो. ऐकलंस का, मालक म्हणाली, दारू म्हणाली, अगदी आपल्यासारखं. पोरं शिट्ट्या मारत होती, सोफ्यांवरच्या बायका एकमेकींकडे बघून कौतुकानं हसत होत्या. काय म्हणाली ते एकानं ऐकलं नाही. परदेशी माणसाच्या तोंडून चार मराठी शब्द आले की आपल्या लोकांचे कान बंद होतात आणि हात सुरू होतात. तुम्हाला ते माहीत होतं. लोकांबद्दल तुम्हाला तेवढंच माहीत आहे, पण तेवढं पक्कं माहीत आहे.

आई उभी राहिली होती. तिला वाटलं, आता उत्तर येणार, उत्तर बसून घेऊ नये. ती उठली म्हणून तिच्या मागची रांग उठली. त्यांना वाटलं, उभं राहून मानवंदना द्यायची. ती रांग उठली म्हणून सगळा हॉल उठला. माझी आई उत्तराची वाट बघत उभी, आणि तिच्याभोवती सगळं गाव उभं राहून टाळ्या वाजवतंय. त्यात ती दिसेनाशी झाली. बुटकी आहे ती.

रंगपटात सोलांजबाई तोंड न पुसता बसल्या होत्या. शाल बाकड्यावर टाकून आल्या होत्या. त्यांनी शाल्मलीला विचारलं, तो काय म्हणाला? शाल्मलीला सांगवेना. शेवटी म्हणाली, तुमचे उच्चार छान आहेत म्हणाला.

बाईंनी दुसऱ्यांदा विचारलं. तिनं दुसऱ्यांदा तेच सांगितलं.

तेवढ्यात आई आली. गर्दीतून येताना बुटाची नाडी सुटली होती, तशीच फरफटत. तिनं कुणाकडे बघितलं नाही, मलाच विचारलं, "वच्छे, टाळ्या कशाला वाजवल्या गं?"

बाईंनी शाल्मलीकडे बघितलं. शाल्मलीनं आईचा प्रश्न फ्रेंचमध्ये सांगितला. बाईंनी मान खाली घातली. त्यांनी चप्पल काढली, उचलून छातीशी धरली आणि विचारलं, मी ही ठेवून घेऊ का? माझ्याकडे त्या राणीचे जोडे आहेत, पोलिसाचे बूट आहेत, त्यांच्याशेजारी ठेवीन.

आईनं हात पुढं केला. "न्हाई. मला लागंल. अजून जायचं हाय मला तिकडं."

बाईंनी दिली. स्वतःचे बूट मात्र परत घेतले नाहीत, आईच्या पायातच राहू द्या म्हणाल्या. हॉलच्या पायऱ्या उतरून गाडीपर्यंत अनवाणी चालत गेल्या. तुमचा फोटोग्राफर धावला. तुम्हाला फ्लेक्सवरची अनवाणी बाई पाहिजे होती ना, ती घ्या. फक्त ती पळत नव्हती.

आई पुढच्या बाजाराला गेली. त्याच्या पुढच्याही. इलाहीच्या वहिनीची बदली झाली, गावाबाहेरच्या शाखेवर. माझ्या गिरणीची वीज वारंवार जायला लागली. त्याबद्दल मी काही म्हणत नाही, ती तुमची नेहमीची भाषा आहे.

आता हे लिहायचं कारण. मागच्या महिन्यात सोलांजबाई वारल्या. शाल्मलीनं फोन करून कळवलं. तिकडच्या पेपरांत मोठे लेख आले म्हणे. राणी, पोलीस, प्रहसनं, बदकसुद्धा. आणि सगळ्यांत मोठा फोटो किनाऱ्यावरचा. म्हणजे तुमच्यासारखे तिकडं पण आहेत. आमच्या बाकड्याचा उल्लेख कुठं नाही, असायचं कारण नाही. मग तुमचं निमंत्रण आलं. संस्थेतर्फे शोकसभा, अध्यक्षस्थानी आपण, आणि त्या ऐतिहासिक प्रयोगाच्या लेखिका म्हणून मी दोन शब्द बोलावेत. शाल घालतानाचा फोटो म्हणे मोठा करून लावणार.

मी येणार नाही. दोन शब्द हे एवढेच.

एक राहिलं. मी वर म्हटलं, थांबा, तिथं येते. तुम्ही तेव्हापासून सांगत आलात की मॅडम विसरल्यासारखं वाटलं, आणि नंतर काय म्हणाल्या ते गडबडीत कळलं नाही. मी पण कित्येक वर्षं तेच धरून चालले होते, की हा माणूस मूर्ख आहे, याला ऐकूच आलं नाही. पण इलाही त्या वेळी समोरच्या विंगेत होता, त्याला तुमचा चेहरा दिसत होता. गेल्या वर्षी त्याला अर्धांगाचा झटका आला, त्याआधी थोडे दिवस तो गिरणीत आला होता. म्हणाला, "वच्छाक्का, तुला कधी सांगितलं न्हाई. बाईनं वाक्य म्हटल्यावर टाळी वाजवायच्या आधी त्यानं काय केलं ठाऊक हाय? घड्याळाचा पट्टा सैल केला."

म्हणजे ऐकलंत. शब्दन्‌शब्द ऐकलंत, आणि मग टाळ्या वाजवल्यात.

आई अजून आहे, साहेब. उजव्या कानानं ऐकू येत नाही, डाव्यानं येतं. चप्पल दारातच असते, तारेनं शिवलेली. या, तिच्या डाव्या बाजूला बसा, चहा मिळेल. मध्ये फ्रेंच कुणी नाही, माईक नाही, टाळ्या वाजवायला गाव नाही. सरळ मराठीत विचारते.

माझा बाप पिऊन होता, हे कुणी बघितलं? नाव सांगा.